दोन प्रसंगांचा परका

हिंदी सिनेमातला परदेशी वंशाचा नट म्हटलं की आधी टॉम ऑल्टर आठवतात, आणि त्यांच्या पाठोपाठ त्यांच्याविषयीची ठरलेली हळहळ येते. केवढा गुणी नट, काय अस्खलित उर्दू, पण सिनेमाने आयुष्यभर गोरा साहेबच करून ठेवलं. हळहळ खोटी नाही, पण तिच्यात कारणमीमांसा जवळजवळ नसते. दिग्दर्शकांना कल्पकता नव्हती किंवा आपल्या प्रेक्षकाला गोऱ्या कातडीपलीकडे काही दिसत नाही, असं म्हणून आपण मोकळे होतो. बाहेरून आलेल्या चरित्र अभिनेत्यांच्या कारकिर्दी शेजारी शेजारी ठेवून पाहिल्या तर मला कारण वेगळं दिसतं. त्यांचं पडद्यावर काय झालं, हे त्यांच्या रंगापेक्षा आणि उच्चारांपेक्षाही त्यांना किती मिनिटं मिळाली यावर ठरलं. चरित्र अभिनेत्याच्या वाट्याला बहुधा दोन-तीन प्रसंग येतात. तेवढ्यात प्रेक्षकाला माणूस ओळखू यायला हवा, म्हणून दिग्दर्शक त्या नटाची सगळ्यात ठळक खूण उचलतो आणि तिच्यावर काम भागवतो. स्थलांतरित माणसाची ठळक खूण म्हणजे त्याचं परकेपण. वेळ वाढला की ती खूण मागे सरते. हा दावा किती टिकतो ते पाहायला इंदूरपासून हॉलिवूडपर्यंत पुरेशी माणसं हाताशी आहेत, आणि काही ठिकाणी तो टिकत नाही हेही त्यांच्यामुळेच कळतं.

सुरुवातीलाच एक हरकत येईल की ऑल्टर स्थलांतरित होतेच कुठे? त्यांचा जन्म 1950 सालचा, मसुरीचा. आजी-आजोबा 1916 मध्ये अमेरिकेतल्या ओहायोहून मिशनरी म्हणून आले, वडील सियालकोटला जन्मले. फाळणीत हे घरही फुटलं. आजी-आजोबा पाकिस्तानात राहिले, आई-वडील भारतात आले. घरात बायबल उर्दूतून वाचलं जाई. उच्च शिक्षणासाठी येल विद्यापीठात गेलेला हा मुलगा तिथे रमला नाही, परत आला, राजेश खन्नाचा ‘आराधना’ पाहून झपाटला आणि 1972 मध्ये पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये दाखल झाला. कायद्याच्या आणि मनाच्या हिशेबाने हा माणूस इथलाच. पण पडद्याचा हिशेब तिसराच असतो. ज्यांच्या तीन पिढ्या इथल्या मातीत गेल्या त्यांनाही तो ‘आत्ताच बोटीतून उतरलेले’ म्हणून दाखवू शकतो, आणि परवा मुंबईत आलेल्याला अस्सल मुंबईकर करू शकतो. म्हणून या लेखात स्थलांतरित म्हणजे ज्याच्याकडे कॅमेरा बाहेरचा म्हणून पाहतो तो, एवढंच मी धरतो. पासपोर्टाचा प्रश्न बाजूला.

रामानंद सागर यांच्या ‘चरस’पासून (1976) ऑल्टर यांची सिनेमातली वाटचाल सुरू झाली आणि चित्रपटांची संख्या पुढे तीनशेच्या घरात गेल्याचं सांगितलं जातं. या ढिगात बहुतेक भूमिका वेळेच्या दृष्टीने फुटकळ आहेत: ‘क्रांती’मधला इंग्रज अधिकारी, ‘सरदार’मधला माउंटबॅटन, कुठे तस्कर, कुठे डॉक्टर. यातून वेगळा काढावा असा प्रसंग सत्यजित राय यांच्या ‘शतरंज के खिलाडी’मध्ये (1977) आहे. जनरल औट्रम झालेले रिचर्ड ॲटनबरो आपल्या हाताखालच्या कॅप्टन वेस्टनला वाजिद अली शाहबद्दल खोदून विचारतात. हा राजा दिवसभर करतो काय? कविता करतो म्हणे, त्या कशा असतात? ऑल्टर यांचा वेस्टन राजाच्या ओळी उर्दूतून म्हणून दाखवतो, मग त्यांचा अर्थ सांगतो. औट्रमच्या चेहऱ्यावर कवितेची दाद उमटत नाही. हा आपला अधिकारी राजाच्या बाजूने झुकलाय की काय, असा संशय उमटतो. प्रसंग लांब आहे आणि रायसाहेबांना घाई नाही. गोऱ्या गणवेशातल्या माणसाच्या तोंडी सुरेल उर्दू घालून त्यांनी साम्राज्याची एक आतली फट दाखवली. भूमिका इंग्रजाचीच, पण तिला बोलायला वेळ दिल्याबरोबर ती ‘इंग्रजाची भूमिका’ राहिली नाही. तोच नट बाकी सिनेमांत ‘टुम’ आणि ‘हमारा’ करताना पाहणं म्हणूनच जिवावर येतं.

यावर कुणी म्हणेल की राज कपूर यांनी ‘राम तेरी गंगा मैली’मध्ये (1985) त्यांना नायिकेचा पहाडी भाऊ केलं, ते साहेब कुठे होते? बरोबर आहे. पण तिथेही गोरा रंग आणि घारे डोळेच कामाला लावले आहेत, फक्त साहेबाऐवजी हिमालयाच्या नावे. खूण तीच, पाटी वेगळी. याहून अवघड उदाहरणं ‘सलीम लंगडे पे मत रो’ आणि ‘परिंदा’ ही. दोन्ही 1989 ची. पहिल्यात ते मुंबईच्या गल्लीत रुळलेला हिप्पी आहेत, दुसऱ्यात मूसा नावाचा टोळीप्रमुख. ‘परिंदा’त तर ते परके आहेत ही गोष्ट कथेच्या गावीही नाही. सईद मिर्झा आणि विधु विनोद चोप्रा हे दोन्ही दिग्दर्शक त्याच पुण्याच्या संस्थेतून आलेले, हा मला योगायोग वाटत नाही. ज्या वर्तुळात हा माणूस आधीच माहीत होता, तिथे त्याची ओळख करून देण्यात पडद्यावरची मिनिटं खर्चायची गरज पडली नाही. तो वेळ पडद्याबाहेरच खर्ची पडून गेला होता.

खरी कसोटी टेलिव्हिजनची. ‘जबान संभालके’ 1993 साली आली, ब्रिटिश ‘माइंड युवर लँग्वेज’वरून घेतलेली. पंकज कपूर हिंदी शिकवणारे मास्तर, आणि वर्गात हिंदी शिकायला बसलेला चार्ल्स स्पेन्सर म्हणजे टॉम ऑल्टर! त्या वर्गातल्या बहुतेकांपेक्षा ज्याची जबान साफ, त्याने अडखळत ‘क’ आणि ‘ख’ गिरवायचे. विनोदी मालिकेचा वर्ग हा खुणांचाच बाजार असतो. दर एपिसोडमध्ये आठ-दहा विद्यार्थी, प्रत्येकाच्या वाट्याला दोन-चार वाक्यं, म्हणजे टेलिव्हिजनवरही सिनेमाचाच कंजूष हिशेब. त्याच दशकात ‘जुनून’ आली. तिच्यात ते केशव कलसी झाले, गुन्हेगारी जगातला बडा माणूस, भारतीय नाव, भारतीय बोली. मालिका पाच वर्षं चालली. पहिल्या काही आठवड्यांत प्रेक्षकाला हा गोरा केशव खटकला असेलही, पण आठवड्यामागून आठवडे घरात येणाऱ्या माणसाच्या रंगाचं नवल कुणाला किती दिवस राहणार? मग तो फक्त केशव कलसी उरला. पुढे रंगभूमीवर त्यांनी मौलाना आझाद उभे केले, ते एकपात्री, सगळं नाटक एकट्याने तोलून धरत, गालिबही केला. मौलाना आझाद म्हणजे फाळणीला शेवटपर्यंत विरोध करणारा, मक्केत जन्मलेला, उर्दूचा पंडित नेता. फाळणीत घर फुटलेल्या अमेरिकन वंशाच्या नटाने तो केला आणि कुणाला खटकला नाही. माझ्या दाव्याला याहून बळकट पुरावा मला देता येणार नाही.

पण शिक्का तर सगळ्यांवरच बसतो, त्यात परक्यांचं वेगळं दुःख काय, हा आक्षेप वजनदार आहे. जगदीश राज यांनी 144 चित्रपटांत पोलीस अधिकारी केला आणि त्याची नोंद गिनेसच्या पुस्तकात झाली. इफ्तेखार यांच्या अंगावर तर इन्स्पेक्टरची वर्दी जन्मजात असावी असं वाटायचं. दोघांचे मूळ मुलूख पंजाबातले, दोघेही मुंबईत बाहेरूनच आलेले. त्यांच्यावरचा शिक्का मी नाकारत नाही. तो त्याच घाईच्या अर्थशास्त्रातून येतो. फरक क्रमाचा आहे. इफ्तेखार यांना आधी भूमिका मिळाली, ती त्यांनी चोख केली, लोकांना आवडली, म्हणून ती पुन्हा पुन्हा मिळाली. शिक्का कामातून उमटला. परक्याच्या बाबतीत तो पहिला शॉट लागण्याआधीच बसलेला असतो. शिवाय वर्दी उतरवता येते, आणि इफ्तेखार यांना ती अधूनमधून उतरवूही दिली गेली.

बॉब ख्रिस्टो हे या गोष्टीचं दुसरं टोक. जन्म सिडनीचा, शिक्षणाने स्थापत्य अभियंता, मुंबईत आले ते मासिकाच्या मुखपृष्ठावर पाहिलेल्या परवीन बाबीला भेटायच्या ओढीने, असं ते स्वतः सांगत. 1980 साली ‘अब्दुल्ला’ आणि ‘कुर्बानी’ आले आणि पुढची दहा-पंधरा वर्षं हे टक्कल, ही दाढी आणि हा धिप्पाड देह मार खायला कायम हजर राहिला. ‘मिस्टर इंडिया’त (1987) अदृश्य नायक हनुमानाच्या मूर्तीने त्यांना बदडतो, तो प्रसंग आजही लोकांना तोंडपाठ आहे. नीट पाहिलं तर प्रतिस्पर्धी दिसत नसताना मार खाणं हे अवघड शारीरिक काम आहे. हवेत तरंगती मूर्ती आणि कोलमडणारा गोरा, एवढ्यावर सगळी गंमत उभी करायची. ख्रिस्टोंनी ती केली. पण सगळ्या कारकिर्दीत त्यांना संवादांची जवळजवळ गरजच पडली नाही. त्यांच्यावर अन्याय झाला असं मला वाटत नाही, कारण त्यांना याहून वेगळं काही मागायचं होतं असं त्यांच्या आयुष्याकडे पाहून दिसत नाही. पुढे ते बंगळुरूला योग शिकवू लागले आणि 2011 मध्ये तिथेच वारले. सगळ्याच परक्यांना घर हवं असतं हे आपणच गृहीत धरतो.

आता आपल्या भागाकडे, माळव्याकडे वळतो. आग्रा-मुंबई रस्ता इंदूरहून महू, मानपूर करत विंध्याचा घाट उतरतो, खलघाटला नर्मदा ओलांडतो आणि सेंधवा, धुळे, नाशिकवरून मुंबई गाठतो. माळव्यातून मुंबईच्या सिनेमाकडे जाणाऱ्यांची रीघ जुनी आहे आणि तिच्यातलं सर्वांत लाडकं नाव जॉनी वॉकर. मूळ नाव बदरुद्दीन जमालुद्दीन काझी, जन्म इंदूरचा, वडील गिरणीत कामाला. ती नोकरी गेली आणि कुटुंब मुंबईला आलं. बदरुद्दीन बेस्टच्या बसमध्ये कंडक्टर झाले. थांबे पुकारता पुकारता नकला करून उतारूंना हसवायचे. बलराज साहनींनी हे हेरलं आणि गुरुदत्तसमोर उभं केलं. दारूच्या थेंबालाही न शिवणाऱ्या या माणसाने असा काही दारुडा वठवला की गुरुदत्तने नावच व्हिस्कीचं दिलं आणि ‘बाज़ी’त (1951) घेतलं. इथवरची गोष्ट सर्वांना माहीत आहे. तिच्यात गुरुदत्तने पुढे काय केलं हे मात्र फारसं बोललं जात नाही. त्याने या विनोदी नटाला वेळ दिला. ‘प्यासा’तला तेलमालिशवाला सत्तार घ्या. कथेला त्याची गरज जेमतेम, पण त्याला अख्खं गाणं मिळालं, चांगली चार मिनिटं, आणि त्यात गिऱ्हाईक शोधत बागेत फिरणारा, डोकी चोळता चोळता जगाला शहाणपण सांगणारा एक पुरा माणूस उभा राहिला. ‘सीआयडी’तलं मुंबईत जगणं किती कठीण आहे ते सांगणारं गाणं याच इंदूरच्या माणसावर चित्रित झालं, आणि आज ते मुंबईकरांचं गाणं मानलं जातं. ‘मधुमती’साठी (1958) त्यांना फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. ‘आनंद’मध्ये (1971) ते सूरतवाले ईसाभाई झाले. शेवटच्या ‘चाची 420’मध्ये (1997) जोसेफ नावाचा रंगभूषाकार. इंदुरी मुसलमान माणूस मालिशवाला, गुजराती नाटकवाला, ख्रिश्चन मेकअपमन सगळं होऊ शकला. रंगाने वेगळा दिसत नव्हता म्हणून, हे उघडच आहे. पण त्याच सुमारास रंगाने न ओळखू येणारे इतर शेकडो जण मुंबईत आले आणि ‘हवालदार नंबर दोन’ म्हणूनच राहिले. त्यांना कुणी गाणं दिलं नाही.

माळव्यातल्या प्रेक्षकाला सिनेमातला मोडकं हिंदी बोलणारा इंग्रज खोटा वाटायला आणखीही कारण आहे, जरी तो तसं म्हणत नसला तरी. मानपूर हा ब्रिटिशांच्या थेट ताब्यातला छोटासा परगणा होता, भोवती होळकर आणि धारच्या पवारांची हद्द. महूला 1818 पासून छावणी. इंदुरात कॅनडाहून आलेल्या प्रेस्बिटेरियन मिशनरींनी 1877 पासून शाळा-दवाखाने चालवले, कॉलेज काढलं. या साहेबांना आणि पाद्र्यांना इथल्या भाषेवाचून एक दिवस चालत नव्हतं. अधिकाऱ्यांना हिंदुस्तानीच्या परीक्षा द्याव्या लागत, पाद्री बाजारात उभे राहून प्रवचन करत. त्यांचे उच्चार परके असतील, पण भाषा कामचलाऊपेक्षा बरीच चांगली असे. तेव्हा ‘लगान वसूल करेगा’ छापाचा साहेब इतिहासातून आलेला नाही. दोन प्रसंगांत खलनायक ओळखू यावा म्हणून सिनेमाने तो घडवला. ऑल्टर यांच्यासारखा मिशनऱ्याचा नातू इतिहासातल्या खऱ्या गोऱ्याच्या अधिक जवळ होता आणि सिनेमाने त्यालाच बनावट गोऱ्यासारखं बोलायला लावलं.

परकेपण रंगावर अवलंबून नाही याचा दाखला मराठी वाचकाला दूर शोधावा लागणार नाही. डेव्हिड अब्राहम चेऊलकर. आडनावात चौल, समाज बेने इस्रायल, म्हणजे कोकणात शतकानुशतकं राहिलेले, घरी मराठी बोलणारे ज्यू. मुंबईच्या सिनेमात यांच्यापेक्षा इथला माणूस कोण असणार? पण ‘बूट पॉलिश’मधल्या (1954) ज्या जॉन चाचांसाठी त्यांना फिल्मफेअर मिळालं तिथपासून पुढे बहुतेक वेळा ते प्रेमळ ख्रिश्चन अंकल किंवा सर्वांचे लाडके पाहुणेच होते. चौलचा चेऊलकर पडद्यावर चौलचा झाला नाही. शेवटी ते कॅनडात गेले आणि टोरांटोत वारले. खरं स्थलांतर आयुष्याच्या अखेरीला आणि पडद्यावरचं कधीचंच होऊन गेलेलं. लक्ष्मीकांत बेर्डे यांचंही तेच. मराठीत ज्याच्या नावावर थिएटरं भरत होती तो 1989 च्या ‘मैंने प्यार किया’त नोकर झाला. मराठी माणूस हिंदी पडद्यावर किती वर्षं मोलकरीण, हवालदार आणि रामा होता, आणि तेही मुंबईत, याचा हिशेब कुणी मांडला तर ऑल्टरबद्दल हळहळताना आपण जरा जपून बोलू. बेर्डे यांना मराठीत तीन तास मिळत होते, हिंदीत वीस मिनिटं. नट तोच, शहर तेच.

हॉलिवूडचं याहून निष्ठुर उदाहरण म्हणजे ‘कासाब्लांका’ (1942). श्रेयनामावलीतल्या कलावंतांपैकी अमेरिकेत जन्मलेले फक्त तिघे, बाकी युरोपातून आलेले, त्यातले बरेच हिटलरमुळे परागंदा झालेले. कॉनराड फाइट यांनी ज्यू पत्नीसह जर्मनी सोडली होती आणि सिनेमात त्यांनी केला मेजर स्ट्रासर, नाझी अधिकारी! ज्याच्यापासून पळाले तोच गणवेश चढवून पोट भरायचं. कारण उघड आहे. जर्मन उच्चार ऐकू आला की प्रेक्षकाला पुढचं सांगावं लागत नव्हतं. अमेरिकन टेलिव्हिजन मात्र माझ्या दाव्याला सरळ आव्हान देतं. ‘द सिम्पसन्स’ ही कार्टून मालिका 1989 पासून चालू आहे, तिच्यातला अपू हा भारतीय दुकानदार अनेक दशकं पडद्यावर राहिला, वेळ भरपूर मिळाला, तरी तो उच्चारांचा विनोदच राहिला. हरी कोंडाबोलू यांनी 2017 मध्ये त्यावर माहितीपट केला आणि आवाज देणारे हँक अझेरिया 2020 मध्ये बाजूला झाले. माझं उत्तर असं की अपूला वेळ मिळाला, पण त्यामागच्या स्थलांतरित नटाला नाही, कारण तिथे तसा नट नव्हताच. गोरा अमेरिकन माणूस भारतीय उच्चार काढत होता. वेळ पात्राला मिळून भागत नाही. तो हाडामांसाच्या त्या नटाला मिळावा लागतो, म्हणजे खुणेआडून त्याच्या स्वतःच्या सवयी, चालणं, थांबणं बाहेर डोकावायला जागा होते.

दुसरी अडचण मला सुटलेली नाही. ए. के. हंगल यांचाही जन्म सियालकोटचा, म्हणजे ऑल्टर यांच्या वडिलांच्याच गावचा. पेशावर, कराची, तुरुंग आणि मग 1949 साली मुंबई; शिंपीकाम आणि इप्टाचं नाटक. पन्नाशीच्या आसपास सिनेमात आले आणि ‘शोले’तल्या रहीमचाचांपासून ते घराघरातले आजोबा झाले. वेळ म्हणाल तर यांच्याइतका प्रेक्षकाचा सहवास क्वचित कुणाला मिळाला असेल. तरी 1993 मध्ये ते पाकिस्तान दिनाच्या कार्यक्रमाला गेल्यावरून शिवसेनेने बहिष्कार पुकारला आणि काही काळ त्यांचं काम थांबलं. पडद्यावर मिळवलेलं घरपण पडद्याबाहेर एका दिवसात काढून घेता येतं, आणि तिथे मिनिटांचा हिशेब चालत नाही. माझा दावा पडद्यापुरताच आहे, हे मी मान्य करतो.

पडद्यापुरतं बोलायचं तर गेल्या पंचवीस वर्षांत एक गोष्ट बिघडली आणि एक सुधारली. ‘लगान’ने (2001) इंग्रज भूमिकांसाठी थेट ब्रिटनहून नट आणले. ‘रंग दे बसंती’नेही (2006) तेच केलं. साहेबाचं काम गेलं ते इथल्या गोऱ्यांच्या हातून, आणि त्या कामावर निदान त्यांची चूल तरी पेटत होती. दुसऱ्या बाजूला पुदुच्चेरीत फ्रेंच आई-वडिलांच्या पोटी जन्मलेल्या कल्की केक्लां यांना ‘देव डी’मध्ये (2009) चंद्रमुखीची भूमिका मिळाली, तिला स्वतःचा भूतकाळ होता आणि सिनेमाचा मोठा हिस्साही. मराठीत इंदूरचे स्वानंद किरकिरे यांना ‘चुंबक’साठी सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुण्या-मुंबईचा कान इंदुरी मराठी पहिल्या वाक्यात पकडतो, तिची वळणं हिंदीची, लकब होळकरी. छोट्या भूमिकेत तेवढ्यावर हशा काढता आला असता. ‘चुंबक’मधला प्रसन्न ठोंबरे मात्र फसवणुकीच्या मेसेजला भुलून मुंबईत आलेला, मनाने लहान राहिलेला माणूस आहे, आणि कॅमेरा त्याच्यासोबत सिनेमाभर चालतो. पुरस्काराच्या यादीत त्या भूमिकेला ‘सहायक’ म्हटलं आहे, प्रत्यक्षात सिनेमा तिच्यावरच उभा आहे.